उदाहरणातला दादा

मास्तर म्हणजे शाळेतले नव्हेत, शिलाईचे. जिन्याखालच्या दोन खोल्यांत पाच मशिनं, कापडाच्या कडा बांधायचं एक ओव्हरलॉक, कापायचं लांब टेबल आणि भिंतीला टांगलेले चार शाळांचे नमुन्याचे गणवेश, एवढं त्यांचं राज्य. आयुष्यात त्यांनी कुणा मोठ्या माणसाचा कोट शिवला नाही. त्यांची गिऱ्हाइकं सगळी कमरेएवढी, नाक ओढणारी आणि काखेत टेप लावली की खिदळणारी. चड्डीच्या दुमडीत मास्तर तीन बोटं जास्त कापड ठेवायचे, म्हणजे पोर वाढलं की आईला उसवून खाली सोडता येतं. हे करा असं त्यांना कुणी सांगितलं नव्हतं आणि त्याचे पैसेही कुणी देत नव्हतं. असली माणसं शेवटी कुठे जातात ते सांगायला ज्योतिषी लागत नाही.

धंद्याची रीत सगळ्या गणवेशवाल्यांची असते तीच. परीक्षा संपत आल्या की कापडवाल्यांकडून उधारीवर ठाणं उचलायची, सुट्टीभर शिवायचं, शाळा उघडताना माल पोचवायचा. शाळा पैसे देणार त्यांच्या सवडीनं, चार जणांच्या सह्या झाल्यावर. ते आले की कापडवाल्यांना मागचं बरंचसं द्यायचं, थोडं मागे ठेवायचं आणि पुढच्या हंगामाचं कापड उचलायचं. वर्षानुवर्षं हे असंच चाललं होतं. मास्तरांचं खातं कधी कोरं झालं नाही आणि कापडवाल्यांनी ते कोरं करा असं कधी म्हटलं नाही. ठरल्या दिवसाचा हप्ता मात्र एकदाही चुकला नव्हता. अंगात ताप असला तरी मास्तर मफलर गुंडाळून दुकानात हजर. कापडवाले चहा मागवायचे, नव्या चेकचं कापड दाखवायचे आणि म्हणायचे, ज्याचं माझ्याकडे काहीच देणं नाही, तो उद्या समोरच्या दुकानात जाणार. देणं आहे तोवर गिऱ्हाईक आपलं.

थोडं मागे का राहायचं, त्याला कारण एकच होतं. धाकटा भाऊ.

वडील गेले तेव्हा धाकटा पाटी-पेन्सिलीत होता, आणि हुशार होता. घरात एक हुशार निघाला की बाकीच्यांच्या वाट्याला काय येतं ते सगळ्यांना ठाऊक आहे. मास्तरांनी शाळा सोडली आणि मशिनीवर पाय ठेवला. धाकटा अर्थशास्त्र शिकला, मग त्यातलंच आणखी शिकला, मग उरलेलं शिकायला परदेशी गेला. मास्तरांना मूलबाळ झालं नाही. धाकट्यालाच पोटच्या पोरासारखं वाढवलं असं लोक म्हणायचे, आणि ते खरंच असावं, कारण पोटच्या पोरासारखाच तो नंतर फिरकला नाही.

मास्तरांची बायको काजं करायची. घरच्या गणवेशांची तर करायचीच, वर पेठेतल्या तीन शिंप्यांच्या शर्टांचीही. काजाचं मशीन तिनं माहेरून आलेल्या पैशांतून घेतलं होतं, आणि मशीन बिघडलं की हातानं करायची. शर्टातलं सगळ्यांत किचकट काम काजाचं आणि सगळ्यांत कमी मोलही त्याचंच. शर्ट छान बसला तर नाव शिंप्याचं, काज उसवलं तर नाव बाईचं. तिची कमाई घरात आली कधी आणि गेली कुठे, हे कुणी विचारलं नाही. मास्तर हात पुढे करायचे, ती द्यायची. धाकट्याची फी असायची, जाडजूड पुस्तकं असायची, एकदा तर विमानाचं तिकीट होतं. चष्म्याचा नंबर वाढला तेव्हाही ती कितीतरी दिवस जुन्याच काचांतून सुई ओवत राहिली. मास्तरांच्या ते लक्षात आलं होतं. पुढच्या हंगामात बघू, असं ते म्हणालेही होते.

तर हा धाकटा परत आला, मोठ्या शहरात मोठ्या कॉलेजात शिकवू लागला आणि एक दिवस टीव्हीवर दिसला.

त्याचं झालं असं. एका वाहिनीवर अर्थसंकल्पाच्या दिवशी एक तज्ज्ञ बसायचे. त्यांनी तोंड उघडलं की प्रेक्षक पाणी प्यायला उठायचे आणि परत यायचे नाहीत. निर्मातीबाई कंटाळल्या. त्यांनी धाकट्याला बोलावलं आणि सांगितलं, माझ्या सासूला कळेल असं बोला, तिला कळलं की सगळ्यांना कळलं. धाकटा कॅमेऱ्यासमोर बसला, टाय सारखा केला आणि म्हणाला, समजा, एक घर आहे. घरात एक दादा आहे. हा दादा म्हणजे सरकार.

सासूबाई खुर्चीत पुढे सरकून बसल्या म्हणतात. दर शनिवारी संध्याकाळी धाकट्याचा कार्यक्रम लागू लागला आणि बघता बघता अख्ख्या देशाला दादा पाठ झाला. तूट म्हणजे काय, तर महिनाअखेरीचा दादा. महागाई म्हणजे काय, तर दुकानातून तेवढ्याच पैशांत अर्धीच पिशवी घेऊन आलेला दादा. बजेट म्हणजे दादा कागद-पेन्सिल घेऊन बसतो ते, आणि सुधारित बजेट म्हणजे तो कागद चुरगाळतो ते. लोक हसत होते आणि हसता हसता शहाणे झाल्यासारखे वाटून घेत होते. हसता हसता आलेलं शहाणपण पोटात किती दिवस टिकतं, हा प्रश्न कुणी विचारत नव्हतं.

ज्या धाकट्यानं वर्षानुवर्षं आजारपणात फोन केला नव्हता, तो आता दर शुक्रवारी न चुकता करू लागला. दादा, या आठवड्यात काय काय झालं, असं विचारायचा. मास्तरांना आभाळ ठेंगणं झालं. ते मशीन थांबवायचे, हात पुसायचे आणि फोन कानाला लावून सगळं सांगायचे. ओव्हरलॉकची मोटर जळाली, नवी हप्त्यानं घेतली. एका शाळेनं पैसे थकवले म्हणून सुताच्या रिळांचे पैसे पुढे ढकलावे लागले. वहिनीच्या काजांचे पैसे आले तेव्हा विजेचं बिल भागलं. पलीकडून कागदावर पेन चालल्याचा आवाज यायचा. किती मन लावून ऐकतो, असं मास्तर बायकोला सांगायचे. ती काही बोलायची नाही. ओठांत सुई असली की बाईमाणसाला न बोलायला निमित्त मिळतं.

शनिवारी शेजारीपाजारी त्यांच्याच खोलीत टीव्ही बघायला जमायचे, कारण दादाच्याच घरी दादा बघायची मजा निराळी. एका शनिवारी विषय होता कर. धाकट्यानं खडूनं फळ्यावर एक बाई काढली आणि सांगितलं, ही वहिनी. वहिनी काजं करते, चार पैसे मिळवते. संध्याकाळी दादा हात पुढे करतो, वहिनी त्यातलं काढून देते. हा झाला कर. वहिनी कुरकुरते का? थोडी कुरकुरते. पण देते. चांगला नागरिक असाच असतो. स्टुडिओतले लोक हसले, खोलीतले शेजारी हसले, मास्तर सगळ्यांत जास्त हसले. बायको उठून आत गेली आणि तिनं चहाचं आधण पुन्हा ठेवलं, जरी सगळ्यांचा चहा झालेला होता.

मग सरकारी कर्जाचा विषय आला. वर्तमानपत्रांत मोठमोठे आकडे येत होते आणि लोक धास्तावले होते. निर्मातीबाईंना खडूचा दादा पुरेना. त्यांना हाडामांसाचा पाहिजे होता. धाकटा म्हणाला, आहे की. मग एक गाडी आली, गाडीतून दिवे उतरले, वायरी उतरल्या, दोन मुलं आणि एक बाई उतरली. मास्तरांनी आदल्या दिवशी भिंतीला चुना मारून घेतला होता आणि स्वतःच्या शर्टाला इस्त्री केली होती. त्यांना मशिनीवर बसवलं, हसा म्हटलं, ते हसले. मग कॅमेरावाला म्हणाला, मास्तर, दोन्ही खिसे जरा बाहेर काढता का, गंमत म्हणून. मास्तरांना गंमत कळली. त्यांनी पँटचे दोन्ही खिसे उलटे करून कानांसारखे बाहेर लोंबवले आणि हात पसरून उभे राहिले. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, फक्त मास्तरांनी खिसे दाखवले.

त्या शनिवारी धाकटा म्हणाला, अंथरूण पाहून पाय पसरावेत एवढं हे साधं आहे. पण आपला दादा काय करतो? जुनं कर्ज नव्या कर्जानं भागवतो. एक वर्ष नाही, दोन नाही, जन्मभर. कापडवाला ज्या दिवशी म्हणेल, आण माझे सगळे, त्या दिवशी दादाकडे काय आहे? आणि पडद्यावर मास्तर आले, उलट्या खिशांचे, तोंडभर हसणारे. लोकांना ते चित्र इतकं आवडलं की पुढे दर आठवड्याला कार्यक्रमाची सुरुवात त्यानंच होऊ लागली.

खोलीत त्या दिवशी शेजारी जरा कमी हसले. जाताना प्रत्येकानं मास्तरांकडे असं पाहिलं की जणू त्यांचं काही उसनं इथे अडकलं आहे. कुणाचं काही अडकलेलं नव्हतं. पण घर फिरलं की घराचे वासेही फिरतात, आणि हे तर टीव्हीवर फिरलं होतं.

सुतवाल्यानं रोख मागितली. मोटरवाला राहिलेले हप्ते एकदम द्या म्हणाला. एका शाळेच्या मुख्याध्यापिका फोनवर फार गोड बोलल्या. या वर्षी त्या गणवेशाचं काम दुसरीकडे देऊन बघणार होत्या, मास्तरांवर त्यांचा पूर्ण विश्वास होता. रस्त्यानं जाताना न्हावी ओरडायचा, काय सरकार, फिटलं का कर्ज. आणि ठाणं उचलायचा दिवस आला तेव्हा कापडवाल्यांनी चहा मागवला, पण कापड दाखवलं नाही.

कापडवाले वाईट नव्हते. त्यांनी खरं ते सांगितलं. गिरणीवाले त्यांनाही उधारीवरच माल देत, आणि गिरणीवालेही शनिवारी टीव्ही बघत. मास्तर, तुम्ही आजवर एक हप्ता चुकवला नाही हे मला ठाऊक आहे, पण मला ठाऊक असून भागत नाही, असं ते म्हणाले. तुमच्या भावानं जिथे ते सांगितलं तिथेच एक वाक्य सांगू दे. ह्यांचं खातं चोख आहे, एवढंच. त्या वाक्यावर मी या हंगामाचं कापड देतो. नाहीतर मागचं सगळं एकरकमी लागेल, आणि ते तुमच्याकडे मशिनं विकल्याशिवाय निघायचं नाही.

एक वाक्य. मास्तरांना वाटलं, एवढंच ना. ते बस पकडून धाकट्याच्या घरी गेले.

धाकट्याचं घर उंच होतं, लिफ्टनं जावं लागे. बैठकीत दोघे बसले. मास्तरांनी सगळं सांगितलं, सवयीप्रमाणे अथपासून इतिपर्यंत, आणि धाकट्याचा हात सवयीप्रमाणे पेनाकडे गेला. मग त्यानं तो आवरला. त्याला वाईट वाटलं, हे खरं आहे. वाईट वाटलं की त्याला समजावून सांगायची हुक्की यायची, तशी आली. तो सांगू लागला की सरकारचं कर्ज मुळात घरासारखं नसतंच. माणूस म्हातारा होतो, सरकार होत नाही. सरकार जुनं कर्ज नव्यानं फेडतं यात वावगं काही नाही, जगभर तेच चालतं. देणाऱ्यांचा भरवसा आहे तोवर सगळं सुरळीत. कर्ज किती यापेक्षा ते कशावर खर्च केलं, हे बघायचं असतं.

मास्तरांनी नीट ऐकून घेतलं. मग म्हणाले, "म्हणजे तुझं उदाहरण चुकीचं आहे?"

"उदाहरण चुकीचं नसतं रे दादा. सोपं असतं."

"पण सरकारला उधार मिळतंच आहे. मला बंद झालं. आम्ही दोघं सारखे आहोत असं तू सांगितलंस, त्यात सरकारचं काय गेलं?"

धाकटा हसला. हे वाक्य फार छान आहे, कार्यक्रमात घेता येईल, असं तो म्हणाला. मग त्यानंच तोडगा काढला. येत्या शनिवारी दादानं स्वतः यावं, थेट प्रक्षेपणात त्याच्या शेजारी बसावं. शेवटी धाकटा सगळ्या देशासमोर सांगेल की दादाचं खातं चोख आहे. मास्तर लिफ्टनं खाली उतरले तेव्हा त्यांचा चेहरा पाहून वॉचमननं विचारलं, काही चांगली बातमी का.

शनिवारी स्टुडिओत त्यांच्या तोंडाला पावडर लावली. एक उंच स्टूल होतं, ज्यावर बसलं की पाय जमिनीला टेकत नाहीत. जन्मभर ज्यांचे पाय मशिनीवर चालले त्यांना ते लोंबते पाय कुठे ठेवावेत कळेना. समोर प्रेक्षक, वर दिवे, मागे भिंतभर मास्तरांचं उलट्या खिशांचं चित्र. आणि निर्मातीबाईंनी ऐन वेळी एक नवी कल्पना काढली होती. आज प्रेक्षक मत देणार. दादानं आता काय करावं? पर्याय एक, घरच्यांकडून आणखी घ्यावं. पर्याय दोन, मशिनं विकून कर्ज फेडावं. पर्याय तीन, चाललंय तसं चालू द्यावं. घरबसल्या मोबाइलचं एक बटण दाबायचं. मास्तरांना हे आधी कुणी सांगितलं नव्हतं. त्यांनी धाकट्याकडे पाहिलं. धाकट्यानं डोळ्यांनीच खूण केली, बघ तू.

कार्यक्रम रंगला. धाकट्यानं फळ्यावर करांची बादली काढली, कर्जाची विहीर काढली, टाळ्या घेतल्या. मास्तरांना दोन प्रश्न विचारले, त्यांची उत्तरं स्वतःच दिली. एकदा मास्तर सांगू लागले की शाळांचे पैसे उशिरा येतात म्हणून हे असं असतं, तेवढ्यात जाहिराती लागल्या. मास्तरांनी मनात एक हिशेब धरला होता, तो त्यांनी सोडला नाही. कार्यक्रमाच्या शेवटी ते वाक्य येणार होतं. बाकी काय वाटेल ते होऊ दे.

मग एक फोन आला. लांबच्या कुठल्याशा गावातली म्हातारी बाई होती, आवाज कापरा पण डोकं शाबूत. ती म्हणाली, सगळं समजलं बाबा, एवढंच समजलं नाही. इतकी वर्षं दादा कर्ज काढतोय, वहिनी कर भरतेय, मग ते सगळं गेलं कुठे? त्याच्या घरात तर काही दिसत नाही.

स्टुडिओ हसला. धाकटा हसला नाही. क्षणभर तो गप्प झाला, आणि टीव्हीवरचा क्षण म्हणजे बराच वेळ असतो. त्यानं मास्तरांकडे पाहिलं, मास्तरांनी त्याच्याकडे. कुठे गेलं ते त्या स्टुडिओत दोघांनाच ठाऊक होतं. ते तिथेच होतं, इस्त्रीचा कोट घालून, टाय लावून, फळ्याशेजारी उभं.

"त्याला आम्ही अनुत्पादक खर्च म्हणतो, आजी," धाकटा म्हणाला. "सोप्या भाषेत सांगायचं तर, वाया गेलं. खरं की नाही दादा?"

माइक सुरू होता. कुणी अडवलं नव्हतं. हा माझ्यासमोर उभा आहे ना, ह्याच्यावर गेलं, इतकं म्हणायला श्वासही लागला नसता. आणि ते म्हटलं असतं तर कापडवाल्यांना, गिरणीवाल्यांना आणि त्या म्हातारीलाही दादाची पत कळली असती. पण मास्तरांना काय दिसलं, तर धाकट्याच्या कपाळावर पावडरीखाली फुटलेला घाम. लहानपणी पाढा अडला की त्याला तसाच यायचा. सगळ्या देशासमोर त्याची मान खाली जाईल, हे त्यांच्यानं बघवेना. मूर्ख माणूस! प्रेमापोटी कुणी खड्ड्यात उडी घेतली तर तिला त्याग म्हणायची पद्धत आहे, पण त्या खड्ड्यात आपल्याबरोबर आणखी कोण बांधलेलं आहे, हे अशा वेळी बघत नाही कुणी.

"हो," मास्तर म्हणाले आणि हसले. तेच हसू, मागच्या चित्रातलं.

शेवटी धाकट्यानं शब्द पाळला, नाही असं नाही. घड्याळाकडे बघत तो म्हणाला, आणि हो, जाता जाता, दादाचं म्हणणं आहे की त्याचं खातं एकदम चोख आहे. दादा, प्रत्येक देशाचा अर्थमंत्री हेच म्हणतो. हशा झाला. पडद्यावर निकाल झळकला. मशिनं विका, फार मोठ्या फरकानं.

बाहेर आल्यावर धाकट्यानं त्यांना मिठी मारली. मास्तर अडखळत म्हणाले, ते वाया गेलं म्हणालास. धाकटा म्हणाला, अरे, तिथे माझ्या फीची गोष्ट काढली असती तर विषय भरकटला असता. निर्मातीबाईंनी मास्तरांना एक कप भेट दिला. कपावर उलटे खिसे होते.

पुढचे काही दिवस गल्लीत मोठा चमत्कार झाला. भेटेल तो सांगू लागला की मी तुमच्या बाजूनं मत दिलं. न्हाव्यानं दाढी अर्धी ठेवून सांगितलं, मी आणि माझ्या बायकोनं, दोघांनी, चालू द्यावं. औषधवाला म्हणाला, आमच्या घरातली पाचही मतं तुम्हाला. सुतवाला म्हणाला, मोटरवाला म्हणाला. मुख्याध्यापिकांनी तर शपथ घेतली. कापडवाले स्वतः चालत आले, खुर्चीवर टेकले आणि म्हणाले, मास्तर, मी तिसरंच बटण दाबलं, पण माझ्या एका मतावर गिरणी कापड सोडत नाही. फेडायची रक्कम त्यांनी सांगितली नाही, मास्तरांना ठाऊकच होती. जुनी मशिनं घेणारा एक जणही त्यांनीच गाठून दिला. त्यानं भाव पाडून मागितला, कारण अडलेला विकतोय हे त्यानंही टीव्हीवर पाहिलं होतं. हिशेब असा बसला की सगळं फिटत होतं आणि हातात काहीच उरत नव्हतं.

शुक्रवारी धाकट्याचा फोन आला. मशिनं उचलतायत तेव्हा कॅमेरा पाठवू का, असं त्यानं विचारलं. कर्जमुक्त दादा, असा भाग करता येईल, शेवट गोड होईल, लोकांना बरं वाटेल. मास्तर म्हणाले, पाठव.

दुसऱ्या दिवशी सकाळी टेम्पो आला. त्याच्या मागोमाग कॅमेऱ्याची गाडी आली. हमाल मशिनींचे पट्टे सोडू लागले, कॅमेरावाला कोपऱ्यात दिवा लावू लागला. मास्तर टेबलाशी उभे होते, टेप गळ्यात, हातांना काम नाही. बायको खिडकीपाशी बसून एका शर्टाला हातानं काज घालत होती. मास्तरांना वाटलं, काहीतरी हलकं बोलावं.

"एक कोडं मला सुटत नाही बघ," ते म्हणाले. "ज्याला विचारावं तो म्हणतो, मी तुमच्या बाजूनं. गल्लीतला एक माणूस सुटला नाही. मग मशिनं विकायला सांगितलं तरी कुणी?"

बायकोनं गाठ मारली, दोरा दातांनी तोडला.

"मी," ती म्हणाली.

मास्तर हसले. ती थट्टा करायची कधीमधी, पूर्वी. मग त्यांनी तिच्याकडे पाहिलं आणि हसू तसंच ओठांवर राहिलं, उतरवायचं कसं ते त्यांना कळेना.

"पहिल्यात माझ्याकडूनच आणखी घ्यायचं होतं," ती म्हणाली. आवाज चढलेला नव्हता, भाजीचा भाव सांगावा तसा होता. "तिसऱ्यातही माझ्याकडूनच, फक्त न सांगता. उरलं दुसरं."

"अगं, पण धंदा गेला."

"धंदा त्या दिवशीच गेला, तुम्ही हो म्हणालात तेव्हा. भाऊजी बोलले त्याचं मला काही नाही, त्यांना बोलायचेच पैसे मिळतात. पण माझे डोळे गेले त्या फीपायी, आणि ते वाया गेलं का असं विचारल्यावर तुम्ही हसून हो म्हणालात."

"चारचौघांत त्याला खाली बघायला लावू का मी?"

"मला लावलंत की."

कॅमेरावाल्यानं आतून हाक मारली, मास्तर, पहिलं मशीन उचलताना जरा शेजारी उभे राहा. ते गेले आणि उभे राहिले, सांगितलं तिथे. एकेक मशीन दारातून बाहेर गेलं. पाचवं गेल्यावर मास्तर खिडकीकडे वळून हळूच म्हणाले, मला एकदा विचारायचंस तरी.

"मला कुणी विचारलं होतं?" बायको म्हणाली. "जन्मभर कर भरत आले. मत मात्र परवा पहिल्यांदा मागितलं कुणी. मागितलं, म्हणून दिलं."

ओव्हरलॉक टेम्पोत चढवून हमाल परत आत आला आणि काजाच्या मशिनीला हात घातला. तिनं त्याचा हात बाजूला केला. हे ह्यांचं नाही, माझं आहे, असं तिनं त्याला सांगितलं, आणि मग टेबल, खुर्च्या, भिंतीवरचे नमुन्याचे गणवेश एकेक करून बोटानं दाखवत म्हणाली, "बाकीचं सगळं न्या."